शापित वस्तूंचं कोठार: नकाशाआधी नोंदवही

टेबलाभोवती बसून, प्रत्येकाने एकेक पात्र होऊन खेळायच्या रोल-प्लेइंग खेळासाठी आम्ही घातक जादुई वस्तू ठेवण्याचं एक भूमिगत कोठार रचलं. सह्याद्रीतल्या एका कल्पित गडाच्या पोटात ते आहे. वस्तू, शाप, राखणदार सगळे काल्पनिक. खडक, पाणी, हवा आणि गंज मात्र खरे धरले. चार खेळाडू, खेळ चालवणारा एक सूत्रधार, वीस बाजूंचे फासे आणि एक सेंटिमीटर चौकटीचा आलेखकागद, एक चौकट म्हणजे पाच फूट, एवढ्यावर काम झालं. कोणाला असं कोठार रचायचं असेल तर कुठल्या क्रमाने जावं आणि कुठे मोडतं, ते इथे मांडलं आहे.

पहिला नकाशा फाडावा लागला. त्यात भुलभुलैया होता, सरकत्या भिंती होत्या, सापांचा खंदक होता. पण ‘हे दार असं का?’ या प्रश्नाला एकाही दाराकडे उत्तर नव्हतं. चोराला अडवायची जागा म्हणजे तिजोरी. या कोठारात चोराचा विचार नंतर येतो. आतलं बाहेर पडू नये, एका वस्तूची बाधा शेजारच्या वस्तूला होऊ नये आणि रोज झाडलोट करणारा माणूस संध्याकाळी धडपणे घरी जावा, हे इथलं खरं काम. म्हणून दुसऱ्या खेपेला नकाशा बाजूला ठेवला आणि आधी नोंदवही लिहिली.

प्रत्येक वस्तूला एक ओळ आणि पाच रकाने: नाव व खूण, जाग कशाने येते, पल्ला किती हात, शांत कशाने होते, वैर कोणाशी. जाग स्पर्शाने येईल, नजरेने, उजेडाने, आवाजाने, रक्ताने, नाव घेतल्याने, तिथीने किंवा नुसत्या सान्निध्याने. सुरुवातीला 41 वस्तू होत्या, रकाने भरल्यावर 17 उरल्या. एकाच कारणाने जागणाऱ्या आणि एकाच पल्ल्याच्या आठ तलवारी म्हणजे खेळाच्या दृष्टीने एकच तलवार. ‘शांत कशाने होते’ हा रकाना जिच्यासाठी भरता येईना, ती वस्तू सरळ काढून टाकली. जिला शांत करता येत नाही तिला कोठारात ठेवता येत नाही, तिच्यापासून फक्त पळता येतं. तो वेगळा खेळ झाला.

आकडे घालताना गणित करूनच घाला. आमच्याकडे एक शिळा आहे, दर अमावास्येला जड होणारी. मूळ वजन 12 किलो आणि दर अमावास्येला दुप्पट, असं आधी लिहिलं होतं. बारा अमावास्यांनंतर ती 49,152 किलो होते, म्हणजे वर्षभरात एकोणपन्नास टन. असा दगड कोणी कोठारापर्यंत आणलाच नसता. मग दर अमावास्येला तीन किलो असं केलं. शंभर वर्षांत साधारण 1,237 अमावास्या येतात, म्हणजे शिळा 3,723 किलोची होते. हा आकडा कामाचा निघाला, कारण त्याने खोली ठरवून दिली: फडताळ नाही, उघडा खडक, त्यावर सागवानी ओंडके, आणि जागा दाराजवळची पहिलीच, म्हणजे आत न्यायला अंतर कमी. काही वर्षांनी तिला तराजूवर घेणं शक्य नसतं, वजन आल्याच्या तिथीवरून मोजायचं. ती तिथी नोंदवहीत चुकली तर ओंडके कधी बदलायचे हेच कळत नाही.

खऱ्या पदार्थांचे दोष जादूच्या वस्तूंना चिकटवले की त्या एकदम खऱ्या वाटू लागतात. आमचा आरसा उजेडाने जागतो, म्हणून काजळ माखलेल्या फळीकडे तोंड करून ठेवायचा, एवढं कोणीही सुचवेल. पण जुन्या आरशांच्या पाठीला कथिल आणि पाऱ्याचा लेप असे. वर्षानुवर्षांनी त्यातून पारा सुटतो आणि चौकटीच्या खालच्या कडेला थेंब साचतात. म्हणून आरसा उभा ठेवायचा, खाली चिनी मातीचं ताट आणि त्या खोलीत सोन्याचं काही नाही, कारण पारा सोन्यात शिरतो. सोन्याच्या पत्र्यावर कोरलेलं एक यंत्र त्याच खोलीत होतं, ते हलवावं लागलं. ‘वैर’ या रकान्याला असा खरा आधार असला की खेळाडू तो लक्षपूर्वक वाचतात.

सगळ्यात जास्त वेळ खंजीर आणि पोथीने खाल्ला. खंजीर रक्ताने जागतो, आणि त्याच्यावर चढलेला गंज हे त्याच्यासाठी अर्धं रक्तच, असा आम्ही नियम केला. म्हणजे गंज चढू द्यायचा नाही. उत्खननात सापडलेल्या, क्षार मुरलेल्या लोखंडाला संग्रहालयात पंधरा ते वीस टक्क्यांखालची आर्द्रता देतात, ती इथे घेतली. पोथी ताडपत्राची. तिला एवढ्या कोरड्या हवेत ठेवलं तर पानं ठिसूळ होऊन चिरतात. तिला पन्नास टक्क्यांच्या आसपास, आणि मुख्य म्हणजे न हलणारी आर्द्रता लागते. पान तुटलं की त्यावर बांधलेला मंत्रही तुटतो. दोघांना एका खोलीत सुखाने ठेवणारी हवाच नाही. उपाय खोलीचा नव्हे, पेटीचा: खंजिराला मेण लावून बंद केलेली तांब्याची पेटी, आत मडक्यात कळीचा चुना. पण कळीचा चुना पाणी लागताच तापतो, चांगलाच. पावसाळ्यात छतातून एक धार त्या मडक्यात गेली तर मेण वितळतं आणि पेटी उघडी पडते. आमच्या कोठारातली पहिली मोठी दुर्घटना इथूनच घडते आणि तिच्यात एकही दैत्य नाही.

पोथीतलं एक नाव वाचायचं नाही. ते झाकायला हरताळच वापरला. हस्तलिखितांत चुकलेली अक्षरं या पिवळ्या खनिजाने झाकत, त्यावरूनच ‘हरताळ फासणे’ हा वाक्प्रचार आला. हरताळ म्हणजे आर्सेनिक आणि गंधक यांचं संयुग, ते कीडही दूर ठेवतं. तेव्हा ही पोथी हाताळणाऱ्याला दोन धोके: झाकलेलं नाव, आणि झाकणारा रंग. हातमोजे घालायचे, बोटाला थुंकी लावून पान उलटायचं नाही, पुसलेलं फडकं पुन्हा वापरायचं नाही. खेळाडू शापाला घाबरून असतात आणि फडक्याकडे दुर्लक्ष करतात.

हवेशिवाय जळणारा दिवा हा सगळ्यात अवघड कैदी. त्याला नमुना हवा होता तो जुन्या नायट्रेट फिल्मचा. ती जळताना स्वतःचाच प्राणवायू पुरवते, म्हणून पाण्याखालीही विझत नाही. पुण्यात जानेवारी 2003मध्ये अशा फिल्मच्या साठ्याला आग लागली आणि भारतीय सिनेमाच्या सुरुवातीच्या काळातला ठेवा गेला. अशा साठ्याची रीत अशी: थोडा थोडा माल, लहान लहान खोल्या, मध्ये जाड भिंती आणि प्रत्येक खोलीतून धूर व दाब थेट उघड्यावर नेणारी वाट. विझवण्याची आशा धरायची नाही, शेजारी पसरू द्यायचं नाही. दिव्याच्या खोलीला आम्ही कड्याकडे उघडणारं धुराडं दिलं आणि दार आत उघडणारं केलं, म्हणजे आतून दाब आला की ते चौकटीवर आणखी घट्ट बसतं. याची किंमत अशी की आत अडकलेल्या माणसाला घाईत ते स्वतःकडे ओढावं लागतं. म्हणून नियम: माणूस आत असेल तोवर दारात लाकडी पाचर.

हे सगळं ठरल्यावर मग खडक. बहुतेक जण कोठार खोल म्हणजे सुरक्षित असं धरतात आणि विहिरीसारखं उभं खाली नेतात. घाटमाथ्यावर वर्षाला पाच हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो. तिथे उभं खाली नेलेलं कोठार म्हणजे टाकंच. डोंगरी गडाचा फायदा असा की कड्यातून आडवं शिरलं तरी डोक्यावर साठ मीटर खडक मिळतो. दख्खनचा बेसॉल्ट थराथराचा आहे. घट्ट, काळा दिसणारा थर मजबूत वाटतो, पण त्यात भेगा असतात आणि पाणी त्यातून वाहतं. वायूचे बुडबुडे राहून त्यात झिओलाइट नावाची पांढरी खनिजं भरलेला थर दिसायला नरम, पण बहुधा अखंड आणि पाणी आत येऊ न देणारा. दोन थरांच्या मध्ये लाल मातीचा पट्टा येतो. तो भिजला की ढासळतो. म्हणून दालनं बुडबुड्यांच्या थरात, आणि लाल पट्टा छताला किंवा पायाला लागणार नाही असा उंचीचा हिशेब.

बोगद्याचा उतार हा एकच आकडा मी कोणालाही पाठ करायला सांगेन: आत जाताना चढ, शंभराला एक. आमचा बोगदा 42 मीटर, म्हणजे आतलं टोक तोंडापेक्षा 42 सेंटिमीटर वर. बाजूने वीतभर रुंद चर. आत झिरपलेलं पाणी आपल्या पायाने बाहेर येतं. नॉर्वेच्या उत्तरेकडल्या स्वालबार्ड बेटांवरच्या बियाणे-कोठारात बोगदा आतल्या बाजूला उतरतो. 2016मध्ये अवेळी पाऊस आणि वितळलेलं पाणी त्यात शिरून गोठलं. बियाणांना धक्का लागला नाही, पण तोंडाकडची डागडुजी मोठी करावी लागली. जर्मनीतल्या आस्से इथे मिठाच्या जुन्या खाणीत किरणोत्सारी कचऱ्याची सव्वा लाख पिंपं ठेवली आणि 1988पासून तिथे पाणी झिरपतं आहे, रोज सुमारे बारा घनमीटर. पाण्याला वाट ठेवली नाही तर ते स्वतः शोधतं, आणि ती आपल्या वस्तूंमधून जाते.

भूकंपही विसरू नये. कोयनेचा 11 डिसेंबर 1967चा भूकंप सह्याद्रीतलाच. आमची घंटा आवाजाने जागते, म्हणून ती टांगून ठेवली होती, खडकातून येणारा कंप दोराने तोडावा हा हेतू. पण भूकंपात टांगलेली घंटाच आधी वाजते. आता लोलक काढून कापसात बांधून वेगळ्या खोलीत, आणि घंटा कोरड्या वाळूत पालथी. फडताळांना पुढे चार बोटं उंच पट्टी.

हवेसाठी दोन झरोके, एक खालच्या पातळीवर आणि एक वर. डोंगराच्या पोटात तापमान वर्षभर जवळपास सारखं असतं. हिवाळ्यात आतली हवा बाहेरच्यापेक्षा उबदार, ती वरच्या झरोक्यातून निघते. उन्हाळ्यात आतली थंड हवा खालच्यातून बाहेर ओघळते. म्हणजे ज्या वस्तूचा वास किंवा श्वास घातक, ती हिवाळ्यात खालच्या झरोक्याजवळ ठेवली तर सगळ्या कोठारातून फिरून जाईल. तिच्या खोलीला स्वतःचा झरोका द्यावा लागला. मे महिन्यातली उष्ण, दमट हवा आत आली की थंड भिंतींना घाम सुटतो, तेव्हा वळवाच्या दिवसांत मुख्य झरोक्यांची झापं बंद. आणि झापं बंद असलेल्या कोठारात शिरताना, जुन्या विहिरीत उतरण्याआधी करतात तसं, काठीच्या टोकाला दिवा पुढे धरायचा. प्राणवायू साधारण सोळा टक्क्यांवर आला की ज्योत विझते. पण प्रत्येक विषारी वायू ज्योतीला कळत नाही, म्हणून दोर बांधलेला एकच माणूस पुढे.

किल्ल्यांची व्यवस्था शोधायला बाहेर जावं लागलं नाही. शिवकाळात गडावर हवालदार, सबनीस आणि सरनोबत असे बरोबरीचे तीन अधिकारी नेमत आणि भांडाराकडे कारखानीस असे, जेणेकरून एकट्याच्या मनात आलं म्हणून गड शत्रूच्या हाती जाऊ नये. आम्ही तीच मांडणी घेतली: दाराची किल्ली हवालदाराकडे, पेटीची कारखानिसाकडे, आणि सबनीस किल्ली न ठेवता फक्त लिहितो. त्याची नोंद झाल्याशिवाय पेटी उघडली तर ती चोरी. हा तिसरा माणूस महत्त्वाचा. पहिल्या चाचणीत तिघांकडेही किल्ल्या होत्या, आणि तापाच्या साथीत तिघांच्या किल्ल्या एकाच कड्यात ओवल्या गेल्या. खेळाडूंनी ते कडंच पळवलं.

दुसऱ्या चाचणीतल्या खेळाडूंनी कोठारात पाऊलच ठेवलं नाही. वस्तू आत जायच्या आधी जिथे उतरवतात, ती पडवी त्यांनी गाठली. आम्ही तिथे एक झोपाळू शिपाई आणि चटई एवढंच ठेवलं होतं. खरं तर सगळ्यात धोक्याची जागा तीच: वस्तू अनोळखी, तिचे रकाने कोरे, आणणारा दमलेला, कदाचित बाधित. आता ती वेगळी इमारत आहे, बोगद्याच्या तोंडापासून दोनशे पावलांवर. वस्तू तिथे पूर्ण तीस तिथी राहते, म्हणजे एक अमावास्या आणि एक पौर्णिमा दोन्ही होऊन जातात. रोज एकच गोष्ट तपासायची: आज उजेड, उद्या आवाज. दोन्ही एकाच दिवशी केलं आणि वस्तू जागी झाली, तर कशाने ते कळत नाही.

बांधाबांधीवर लोक एक ओळ लिहून मोकळे होतात. अमेरिकेच्या न्यू मेक्सिको राज्यातल्या मिठाच्या थरात, 655 मीटर खोल, अण्वस्त्रांच्या कामातला कचरा पुरतात. 14 फेब्रुवारी 2014ला तिथलं एक पिंप फुटलं. कारण होतं द्रव शोषून घ्यायला घातलेला पदार्थ: खनिजाऐवजी गव्हापासून बनवलेला, मांजरांसाठी विकला जाणारा भुसा. नायट्रेट क्षारांशी त्याची अभिक्रिया झाली आणि पिंप तापत गेलं. तिथे पुन्हा कचरा ठेवायला 2017 उजाडलं. एवढ्या खोल, एवढ्या पैशाने बांधलेली जागा एका भरणाने बंद पाडली. आमच्या कोठारातही बाहुलीभोवती कोरडी वाळू भरायची, असं नोंदवहीत आहे. श्रावणात कोरडी वाळू मिळत नाही. कारखानिसाच्या हाताखालचा माणूस भाताचं तूस भरतो, दिसायला तसंच, हलकं, सोयीचं. पण ही बाहुली धान्याने जागते, हे दुसऱ्या रकान्यात लिहिलं आहे आणि त्या माणसाला तो रकाना दाखवलेला नाही. हा आमच्या खेळातला सगळ्यात जमलेला प्रसंग आहे, कारण यात कोणी दुष्ट नाही.

फाशांचं थोडं. रोज एक फासा टाकायचा आणि एक पडला तर दुर्घटना, असा पहिला नियम होता. रोज पाच टक्के ऐकायला कमी वाटतात, पण तीस दिवस सुखरूप जाण्याची शक्यता त्यात फक्त एकवीस टक्के उरते. असं कोठार वर्षभरही टिकणार नाही. आता दोन फासे आणि दोन्हींवर एक, म्हणजे चारशेत एकदा. वर्षात एखादी तरी दुर्घटना होण्याची शक्यता साधारण साठ टक्के. खेळाडूंच्या हलगर्जीला यात वेगळी शिक्षा आहे: तपासणीची तारीख उलटली की तिसरा फासा येतो आणि तिघांपैकी कोणत्याही दोघांवर एक आला तरी पुरे, म्हणजे धोका जवळजवळ तिप्पट.

तोंडावर इशारा काय लिहायचा, यावर सगळ्यात जास्त वाद झाले. न्यू मेक्सिकोतल्या त्याच जागेसाठी 1990च्या दशकात तज्ज्ञांनी दहा हजार वर्षं कळेल अशा इशाऱ्याचा विचार केला, काटेरी खांबांपासून भेदरलेल्या चेहऱ्यापर्यंत. आपल्याकडे त्याला फार जुना जोड आहे: गधेगाळ. शिलाहार काळापासूनचे हे दगड; वर चंद्र-सूर्य, म्हणजे जोवर ते आहेत तोवर, मध्ये दानाचा लेख आणि खाली गाढवाचं शिल्प, दान मोडणाऱ्याला दिलेली शिवी. अक्षर न येणाऱ्यालाही कळावी अशी. आज त्यातल्या कित्येक दगडांना शेंदूर लागलेला दिसतो. शिवी विसरली गेली, दगड देव झाला. आम्ही कोठाराच्या तोंडावर गधेगाळ ठेवला आणि खेळातली तीनशे वर्षं उलटू दिली. खेळाडू तिथे पोचतात तेव्हा दगडाला शेंदूर आहे, पुढे नारळांच्या करवंट्या आहेत आणि दर अमावास्येला गावकरी बोगद्याच्या चरातून येणारं पाणी तीर्थ म्हणून नेतात. त्या चराची सुरुवात कोणत्या खोलीपाशी होते, हे नकाशावर पाहायला सूत्रधार खेळाडूंना कधीच सांगत नाही.

एक खोली रिकामी ठेवा. नऊपैकी नववी, कोणतीही वस्तू तात्पुरती सामावेल इतकी मोठी, शिळेचा भार पेलेल अशा तळाची, स्वतःच्या झरोक्याची. एखाद्या खोलीचं छत गळू लागलं, दाराची बिजागरी गेली, तर आतली वस्तू न्यायची कुठे? रिकामी खोली नसेल तर ती शेजारणीकडे जाते, आणि ‘वैर’ रकाना भरण्यात घातलेले सगळे दिवस वाया. आमच्या नववीत एक केरसुणी, एक कोरडी पेटी, दोन मडकी चुना आणि पाचर आहे. खेळाडूंचा प्रत्येक गट तिथे अर्धा तास भिंती ठोकत बसतो.